तुम्ही विचारलंत म्हणून: विजयदुर्गाचं आरमार नेमकं कुणी जाळलं?

"पेशव्यांनी मराठ्यांचं आरमार स्वतःच बुडवलं, हे खरं ना?"

विजयदुर्गाजवळ आमचं छोटं न्याहारी-निवास आहे. किल्ला बघून माणसं उन्हानं लालबुंद होऊन परत येतात, हातपाय धुतात, सोलकढीचा पहिला पेला संपतो की हा प्रश्न येतोच. पाहुणा पुण्याचा असेल तर जरा चाचरत विचारतो. कोल्हापूर-साताऱ्याकडचा असेल तर त्याच्या प्रश्नातच उत्तर असतं. अलिबागचा असेल तर तो विचारत नाही, सांगतो. मी वाढता वाढता जमेल तेवढं बोलते, पण तळलेली सुरमई पानात पडली की इतिहास मागे पडतो. म्हणून आज सविस्तर लिहिते.

जाळलं इंग्रजांनी, हे तर उघड आहे. त्यांना पेशव्यांनी बोलावलं, हेही खरं. पण बोलवायची वाट आरमार सांभाळणाऱ्या आंग्र्यांच्याच घरातून पडली होती, हे कुणी सांगत नाही, कारण मग कुणा एकाला धड शिव्या देता येत नाहीत.

कान्होजी आंग्रे आधी ताराराणींच्या बाजूचे. शाहू महाराजांनी आपले पेशवे बहिरोपंत पिंगळे यांना त्यांच्यावर पाठवलं, तर कान्होजींनी पेशव्यांनाच कैद केलं. १७१३ मध्ये बाळाजी विश्वनाथ पेशवे झाले आणि त्यांनी बोलणी करून कान्होजींना शाहूंकडे वळवलं. सरखेलपद (म्हणजे आरमाराचं मुख्यपद), किल्ले, मुलूख, सगळं कान्होजींकडे राहिलं. ताराराणी आणि शाहू यांच्या यादवीतला हा पेच लढाईशिवाय सुटला. पुढे १७२० मध्ये इंग्रज विजयदुर्गावर आले, १७२१ मध्ये इंग्रज आणि पोर्तुगीज मिळून कुलाब्यावर आले, १७२४ मध्ये डच विजयदुर्गावर आले. तिन्ही वेळा हात हलवत परत गेले.

४ जुलै १७२९ ला कान्होजी गेले आणि वाटण्या सुरू झाल्या. थोरले चिरंजीव सेखोजी १७३३ मध्ये वारले. मग धाकट्या संभाजी आणि मानाजी आंग्र्यांचं जुंपलं. १७३५ मध्ये थोरल्या बाजीरावांनी मध्ये पडून तोड काढली: संभाजींना सरखेली आणि विजयदुर्ग, सुवर्णदुर्गाकडचा किनारा, मानाजींना कुलाबा आणि 'वजारतमाआब' हा किताब. एका आरमाराची दोन आरमारं झाली. बाजीरावांना ते सोयीचंच होतं, असं मला वाटतं. दोन सावत्र भाऊ एकमेकांकडे डोळे वटारून बसले की दोघांनाही पुण्याची गरज लागते.

आणि लागलीच. १७४० मध्ये संभाजी कुलाब्यावर चालून गेले तेव्हा मानाजींनी मदत मागितली. चिमाजी अप्पा आणि पुढे पेशवे झालेले बाजीरावांचे चिरंजीव नानासाहेब धावून आले आणि मुंबईहून इंग्रजांची जहाजंही आली. म्हणजे एका आंग्र्याविरुद्ध पेशवे आणि इंग्रज एका बाजूला, हे चित्र विजयदुर्ग पडण्याच्या पंधरा-सोळा वर्षं आधीच दिसलं होतं, तेही दुसऱ्या आंग्र्याला वाचवण्यासाठी. गिर्येच्या रामेश्वराला गेलात तर संभाजींची समाधी बघून या. डोंगर फोडून केलेली पायवाट बघायला सगळे जातात, समाधीपाशी फारसं कुणी थांबत नाही.

संभाजींनंतर त्यांचा भाऊ तुळाजी. हा माणूस मला कधी पुरता उमगत नाही. दर्यावर त्याच्या तोडीचा दुसरा नव्हता. १७४५ मध्ये त्यानं सिद्दीकडून अंजनवेल घेतलं, १७५४ मध्ये डचांच्या मोठ्या जहाजांची वाट लावली. पण शेजारी म्हणावा तर पंतप्रतिनिधी, बावड्याचे अमात्य, वाडीचे सावंत, एकाशी पटेल तर शपथ. डिसेंबर १७४९ मध्ये शाहू महाराज गेल्यावर त्यानं पेशव्यांना जुमानायचं सोडलं. त्याच्या बाजूनं बोलायचं तर सरखेली छत्रपतींनी दिलेली, पेशवाईही छत्रपतींनीच दिलेली. मग एका चाकरानं दुसऱ्या चाकरासमोर मान का वाकवायची? युक्तिवाद बिनतोड आहे. पण शाहूंच्या मागे नानासाहेबांच्या हाती सगळी सूत्रं आली होती, आणि त्यांच्या लेखी हा खंडणी बुडवणारा एक माजलेला सरदार होता, बस्स.

१९ मार्च १७५५ ला पेशवे आणि मुंबईकर इंग्रज यांच्यात करार झाला. त्यातली कलमं माणसं वाचत नाहीत, खरी गंमत तिथेच आहे. दोघांच्या आरमारांचा ताबा इंग्रज सेनानीकडे. तुळाजीची जहाजं हाती लागतील ती दोघांनी वाटून घ्यायची. किल्ल्यांतल्या तोफा आणि सामान पेशव्यांचं. आणि इंग्रजांना बाणकोट, खाडीसकट. जहाजांची वाटणी कागदावर अशी झाली होती, जसं काही ती पडवीत उभी करून ठेवलेली भांडी आहेत.

करारानंतर लगेच कमोडोर जेम्स 'प्रोटेक्टर' जहाज घेऊन हर्णैला गेला. सुवर्णदुर्ग आणि समोर जमिनीवरचे छोटे किल्ले एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात पडले. जेम्सच्या मृत्यूनंतर बायकोनं १७८४ मध्ये लंडनजवळ त्याच्या स्मरणार्थ एक मनोरा बांधला आणि त्याला सुवर्णदुर्गाचंच नाव दिलं, साहेबी उच्चारात 'सेव्हर्नड्रूग'. तो अजून उभा आहे. आपल्या सुवर्णदुर्गाला जायचं तर हर्णै बंदरातून होडी मिळेपर्यंत ताटकळा.

पावसाळा आला तशी मोहीम थांबली. पुढच्या मोसमात पेशव्यांचे कोकणचे सरसुभेदार रामाजी महादेव यांच्या फौजांनी तुळाजीचे जमिनीकडचे किल्ले एकामागून एक घेतले. अंजनवेलही गेलं. राहिला विजयदुर्ग.

आता ते दोन दिवस, १२ आणि १३ फेब्रुवारी १७५६. हे मी पाहुण्यांना बुरुजावर उभं करूनच सांगते, कारण तिथून सगळं समोर दिसतं. पश्चिमेला उघडा दर्या, उत्तरेला वाघोटण खाडीचं तोंड, पलीकडे राजापूर तालुक्याचा किनारा, आणि किल्ल्याच्या आडोशाला शांत पाणी, आज जिथे मच्छीमारांच्या बोटी लागतात. तुळाजीचं आरमार याच खाडीत किल्ल्याच्या आश्रयाला होतं: गुराबा म्हणजे मोठी लढाऊ जहाजं, त्यांना ओढून नेणारी वल्ह्यांची गलबतं, आणि पूर्वी इंग्रजांकडूनच पकडून आणलेलं 'रेस्टोरेशन' नावाचं जहाज. सगळी एकमेकांना लागून.

समोर ॲडमिरल वॉटसन. त्याच्याबरोबर 'केंट', 'कंबरलँड', 'टायगर', 'सॅलिसबरी' ही इंग्लंडच्या राजाच्या आरमाराची जहाजं, पन्नास ते सत्तर तोफांची. जमिनीवरच्या सैन्याचा मुख्य रॉबर्ट क्लाइव्ह. एवढ्या वजनाची जहाजं कान्होजींच्या किल्ल्यांसमोर फारशी कधी आली नव्हती. आंग्र्यांची लढण्याची रीत म्हणजे वारा पडला की गलबतांनी वल्ही मारत गुराबा ओढत न्यायच्या, शत्रूच्या पिछाडीला जाऊन तोफा डागायच्या, आणि प्रकरण अंगाशी येतंय असं वाटलं की उथळ खाडीत शिरायचं. मोकळ्या दर्यावर ही युक्ती भल्याभल्यांना भारी पडत असे. खाडीत दाटीवाटीनं नांगरलेल्या आरमाराला ती वापरणार कशी?

आमच्याकडे फेब्रुवारीत दुपार झाली की खारा वारा सुटतो, दर्याकडून आत. १२ तारखेला दुपारी जहाजं खाडीच्या तोंडातून आत शिरली आणि किल्ल्याच्या उत्तरेच्या अंगाला नांगर टाकून त्यांनी भडिमार सुरू केला. एक पेटता गोळा 'रेस्टोरेशन'वर पडला. तिथून आग शेजारच्या गुराबेवर, तिथून पुढच्या, तिथून गलबतांवर. लाकडी जहाज म्हणजे सागवान, राळ, तेल पाजलेल्या फळ्या, काथ्याचे दोर, सुती शिडं, आणि पोटात दारू. संध्याकाळपर्यंत कान्होजींच्या वेळेपासून जमवलेलं आरमार संपलं होतं. समोरासमोर दर्यावरची लढाई अशी झालीच नाही. ज्या जहाजाला आधी आग लागली ते एके काळी इंग्रजांचंच होतं, हे ऐकून पाहुण्यांतली पोरं हसतात. मोठी हसत नाहीत.

तुळाजी किल्ल्यात नव्हता. तडजोडीसाठी तो आधीच पेशव्यांच्या छावणीत गेला होता आणि किल्ला मेव्हण्याच्या हवाली केला होता. हे कळल्यावर इंग्रजांची घाई आणखी वाढली. तुळाजीनं किल्ला रामाजीपंतांच्या हाती दिला असता तर आतला माल करारानुसार पेशव्यांचा झाला असता. क्लाइव्हनं रातोरात माणसं उतरवून किल्ला आणि पेशव्यांची छावणी यांच्या मधली जागा अडवली. म्हणजे त्या रात्री इंग्रजांच्या संगिनी निम्म्या शत्रूवर आणि निम्म्या दोस्तावर रोखलेल्या होत्या. १३ च्या संध्याकाळी किल्ला त्यांच्या हाती आला. आत सुमारे दहा लाखांचा ऐवज मिळाला, तो सैन्य आणि आरमार यांनी आपसात वाटून घेतला. कुणाला किती हे मुंबईहून निघण्याआधीच बैठक घेऊन ठरवलेलं होतं. त्या हिशेबात पेशव्यांचं नाव नव्हतं.

करार आठवतो ना? जहाजं वाटून घ्यायची होती, ती जळाली. ऐवज पेशव्यांचा होता, तो वाटला गेला. किल्ला परत मिळवायला ऑक्टोबर १७५६ उजाडला, तोही नवा करार करून, बाणकोट कायमचं इंग्रजांकडे ठेवून.

आमच्या शेजारचे एक म्हातारे आजोबा, सगळा जन्म मासेमारीत गेलेले, एकदा पाहुण्यांचा वाद पडवीत बसून ऐकत होते. शेवटी म्हणाले, "जळला कोणाचा ता आधी सांगा, जाळल्यान कोणी ता मगे बघू." माझं मत याच अंगानं जातं. ते आरमार कुणाचं होतं? तुळाजी म्हणायचा, माझं, बापाकडून आलेलं. मानाजी म्हणायचे, त्यात माझाही वाटा. नानासाहेबांच्या लेखी तो एका बंडखोराचा सरंजाम, जप्त करण्याजोगा. हे सगळ्यांचं आहे, राज्याचं आहे, असं धरून त्यांच्यापैकी एकही वागला नाही. शिवाजी महाराजांनी आरमार उभं केलं ते राज्याचं अंग म्हणून. शंभर वर्षांच्या आत ते वतनासारखं झालं, आणि वतनाचं भांडण आपल्याकडे कसं चालतं ते मी कोकणातल्या माणसाला सांगायला नको. पुण्यातून बघताना किनाऱ्यावरचे किल्ले दिसत, त्यांचा वसूल दिसे. जहाजं डोळ्यांत भरत नसत.

म्हणून नानासाहेबांना मी सोडून देत नाही. तुळाजीला नमवायला रामाजीपंतांची फौज पुरेशी होती, हे त्या वर्षीच्या मोहिमेनंच दाखवलं. तो बोलणी करायला आला होता! थोडा धीर धरला असता तर किल्ला आणि जहाजं दोन्ही हाती लागण्यासारखी होती. पण 'पेशव्यांनी आरमार बुडवलं' असं जातीवरून बोट दाखवत कुणी म्हणालं की मी १७४० काढते. मानाजींच्या मदतीला आलेली इंग्रज जहाजं कुठल्या खात्यात मांडायची?

तुळाजीचं उरलेलं आयुष्य पेशव्यांच्या किल्ल्यांवर कैदेत गेलं. वॉटसन आणि क्लाइव्ह इथून मद्रासकडे गेले. त्याच वर्षी जूनमध्ये सिराजउद्दौलानं कलकत्ता घेतलं आणि ते परत घ्यायला हेच दोघे निघाले. विजयदुर्गापुढे नांगरलेली 'केंट' आणि 'टायगर' १७५७ च्या मार्चमध्ये बंगालातल्या फ्रेंचांच्या चंद्रनगरवर तोफा डागत होती, आणि २३ जूनला प्लासी झाली. विजयदुर्गामुळे प्लासी झाली असं मी म्हणणार नाही. पण त्या दोघांची जोडगोळी जमली ती आमच्या खाडीत.

यावर कुणीतरी विचारतंच, मग पुढे मराठ्यांचं आरमार उरलंच नाही का? उरलं. पेशव्यांनी याच विजयदुर्गाला आपल्या आरमाराचं ठाणं केलं आणि पुढे आनंदराव धुळप त्याचे सुभेदार झाले. १७८३ च्या एप्रिलमध्ये धुळपांनी रत्नागिरीच्या बाजूला 'रेंजर' हे इंग्रजांचं जहाज घेरलं, घनघोर लढाई करून पकडलं आणि इथे आणलं. तोवर इंग्रज-मराठ्यांचा सालबाईचा तह झालेला होता, त्यामुळे ते परत द्यावं लागलं.