वाट, गडगा आणि आंब्याची पेटी

गुहागर तालुक्यातल्या आमच्या कलमांच्या बागेत जायची वाट शेजारच्या काकांच्या जमिनीतून जाते. दिवाळीनंतर त्यांनी तिथे जांभ्या चिऱ्यांचा गडगा, म्हणजे दगडी कुंपण, घालून ती अडवली. बोलून झालं, गावकीत बसून झालं. शेवटी वकील गाठला.

त्याने आधी तारीख विचारली. पूर्वापार वाट अडवली, तर 1906 च्या मामलेदार न्यायालय कायद्याच्या कलम 5 खाली तहसीलदारांकडे दावा लावता येतो, पण अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. बांधावरून नवी वाट मागायची, तर महसूल संहितेचं कलम 143. अनेकांची इथेच गल्लत होते. सातबारा, गावनकाशा, फोटो जोडून आम्ही दावा लावला. मग नोटिसा, तारखा. त्यात सांगण्यासारखं काही नाही.

खरा पेच पंचनाम्याच्या दिवशी पडला. मंडळ अधिकारी लिहून घेत होते आणि काका म्हणाले, "यांचा आजा दर मे महिन्यात पेटी आणून द्यायचा. वाट वापरू देतो म्हणूनच ना?"

पेटी जायची, हे खरं. आमच्या घरी तो शेजारधर्म, त्यांच्या घरी परवानगीची आठवण. देणारा गेला, घेणाराही गेला. 1882 च्या सुविधाधिकार कायद्यात वीस वर्षं उघडपणे, अखंड आणि हक्काने वापरलेल्या वाटेवर हक्क बसतो. मेहेरबानीने वापरलेल्या वाटेवर नाही. म्हणजे सगळं त्या पेटीवर आलं!

काका पुढे म्हणाले, "पहिल्या दिवशीच काठी घेऊन उभे राहिलो असतो, तर आज कोर्टाची पायरी चढावी लागली नसती." याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. रात्रीअपरात्री येणारे टेम्पो, बागेत पडणाऱ्या बाटल्या, हेही खोटं नव्हतं. पण याच वाटेच्या भरवशावर आम्ही दोन पिढ्या कलमं वाढवली, त्याचं काय?

निकालाआधीच तडजोड झाली. टेम्पोपुरता गडगा मोकळा, आमच्या खर्चाने फाटक, अंधार पडल्यावर कुलूप, चाव्या दोन्ही घरांत. पेटीबद्दल कागदात अवाक्षर नाही.

वकिलाने बजावलं होतं, यंदा काही पाठवू नका, उद्या तोच पुरावा व्हायचा. आईने त्याला न विचारता गड्याबरोबर पेटी धाडली. काकांनी ती ठेवून घेतली आणि गड्याला विचारलं, "पावती मागितलीय काय रे?"