मागून जाणारा माणूस

रात्री पिक्चर बघताना पॉज करून बसले. कमाल अल्जाफरीचा ‘रिकलेक्शन’, 2015 चा. ह्या पॅलेस्टिनी दिग्दर्शकाने काय केलंय, तर जाफात, म्हणजे तेल अवीवला लागून असलेल्या जुन्या अरब बंदर-शहरात, शूट झालेले जुने इस्रायली-अमेरिकन सिनेमे घेतले आणि त्यातले हिरो-हिरॉइन चक्क पुसून टाकले, उरल्या नुसत्या गल्ल्या, भिंती आणि फ्रेमच्या कडेला चुकून आलेली माणसं.

त्या माणसांतला एकजण दिग्दर्शकाच्याच नात्यातला निघाला!

कॅमेऱ्याला त्याचं काही देणंघेणं नव्हतं, तो आपला मागून चाललेला. 1948 ला, इस्रायल झालं त्या युद्धात, जाफातले बहुतेक अरब परागंदा झाले, नंतर कितीतरी घरंही पाडली. मग गावाचा पुरावा शोधायचा कुठे, तर दुसऱ्यांच्या सिनेमात, तोही आउट ऑफ फोकस.

आपण बघतो का हो कधी हिरोच्या मागे कोण चाललंय ते?