दशांश चिन्हावर जाऊ नका

यादृच्छिक चल म्हणजे योगायोगावर ठरणारी संख्या. असे चल खंडित (डिस्क्रीट, सुट्या किमतींचे) की अखंडित (कंटिन्युअस, सलग किमतींचे) हे ओळखायला सांगितलं की बरेच विद्यार्थी आधी दशांश चिन्ह शोधतात. पूर्णांक दिसला की डिस्क्रीट, अपूर्णांक दिसला की कंटिन्युअस. परीक्षेत हे बऱ्याचदा खपतं, कारण तिथली उदाहरणं तशीच बेतलेली असतात. लक्ष्मी रोडवरच्या बुटांच्या दुकानात मात्र खपत नाही. बुटाचं माप ७, ७.५, ८ असं जातं. अपूर्णांक आहे, पण ७ आणि ७.५ यांच्या मध्ये काहीच नाही, म्हणून माप खंडित. पायाची लांबी मात्र वहीत २५ सेंटीमीटर अशी पूर्णांकात लिहिली तरी अखंडितच. तो पूर्णांक मोजपट्टीमुळे आला, पायामुळे नाही.

खरा प्रश्न असा विचारावा: एखाद्या एकट्या किमतीला शून्याहून मोठी संभाव्यता मिळते का? स्वारगेटहून सुटणाऱ्या बसमध्ये नेमके ४१ प्रवासी असण्याची संभाव्यता लहान असेल, पण शून्य नाही. शक्य त्या सगळ्या संख्यांच्या संभाव्यता मिळवल्या की १ येतो. हा खंडित चल. आता बस बरोबर दर १५ मिनिटांनी येते आणि प्रवासी कधीही थांब्यावर पोचतो असं धरा (गृहीतक आहे, पुणेकरांनी हसू नये). वाट पाहण्याचा वेळ नेमका ६ मिनिटं, सेकंदाचा कणभरही इकडेतिकडे नाही, याची संभाव्यता शून्य. ६ ते ७ मिनिटांच्या दरम्यान असण्याची १/१५. इथे संभाव्यता बिंदूला मिळत नाही, अंतराला मिळते.

‘किमती अनंत, म्हणून अखंडित’ हेही चुकीचं. पहिला छापा येईपर्यंत नाणं किती वेळा उडवावं लागेल? १, २, ३… यादीला शेवट नाही, तरी चल खंडित, कारण संभाव्यता १/२, १/४, १/८ अशा एकेका किमतीवर बसतात आणि त्यांची बेरीज १ होते.

अखंडित चलात सगळ्यात जास्त घोळ होतो तो घनतेचा, म्हणजे संभाव्यतेच्या आलेखाच्या उंचीचा. वरच्या बसची वाट पाहण्याचा वेळ मिनिटात मोजला तर घनता १/१५. तोच वेळ तासात मोजला तर तो ० ते ०.२५ तासांचा होतो आणि घनता ४. ‘संभाव्यता ४ कशी?’ असं विचारणाऱ्यानं उंचीलाच संभाव्यता मानलेलं असतं. ४ ही उंची, तिला ०.२५ या रुंदीनं गुणलं की क्षेत्रफळ १ येतं, आणि संभाव्यता म्हणजे क्षेत्रफळ. एक्सेलही इथे फसवतं. सूत्रात शेवटच्या जागी ‘फॉल्स’ दिलं की द्विपद वितरणाचं (ठराविक प्रयत्नांत किती यश, याचं खंडित वितरण) सूत्र खरीखुरी संभाव्यता देतं, प्रसामान्य वितरणाचं (घंटेच्या आकाराचा अखंडित वक्र) सूत्र मात्र नुसती घनतेची उंची. उत्तरं दिसायला सारखीच, त्यामुळे चूक लक्षातही येत नाही.

‘पेक्षा कमी’ आणि ‘पेक्षा कमी किंवा तेवढंच’ यांत अखंडित चलाला फरक पडत नाही. खंडिताला चांगलाच पडतो. सरासरी २ असलेल्या प्वासाँ वितरणात (ठराविक वेळात एखादी घटना किती वेळा घडते, याचं खंडित वितरण) ३ पेक्षा कमीची संभाव्यता ०.६७७, आणि ३ धरून ०.८५७. म्हणूनच खंडितासाठी प्रसामान्य वक्र वापरताना अर्ध्याची दुरुस्ती करायची. १०० वेळा नाणं उडवून किमान ६० छापे येण्याची खरी संभाव्यता ०.०२८४. वक्रावर सरळ ६० पासून मोजलं तर ०.०२२८ येतं, ५९.५ पासून मोजलं तर ०.०२८७. ६० या किमतीचा खांब ५९.५ ते ६०.५ असा पसरलेला असतो. ६० पासून मोजलं की त्याचा डावा अर्धा भाग बाहेर राहतो.

आणि काही चल दोन्हींत बसत नाहीत. पुस्तकं हे पटकन उरकतात, शहरात मात्र असे चल जागोजागी सापडतात. १२० सेकंदांच्या चक्रात ७२ सेकंद लाल असणारा सिग्नल घ्या. तुम्ही कधीही पोचू शकता आणि पुढे रांग नाही असं धरलं, तर थांबावंच न लागण्याची संभाव्यता ०.४. उरलेली ०.६ ही ० ते ७२ सेकंदांवर सारखी पसरलेली. संचयी वितरणाचा, म्हणजे एखाद्या किमतीपर्यंत साठत गेलेल्या संभाव्यतेचा, आलेख काढला तर तो शून्यावर एकदम ०.४ वर उडी मारतो आणि मग सरळ रेषेत चढत ७२ ला १ होतो. नुसत्या उड्या असत्या तर खंडित, उडीच नसती तर अखंडित, हा मिश्र. सरासरी थांबणं ०.६ × ३६ म्हणजे २१.६ सेकंद. शून्यवाल्यांना विसरून ३६ लिहिणं ही नेहमीची चूक.

शिवाजीनगरचा रोजचा पाऊसही असाच. सकाळी साडेआठला पर्जन्यमापकातलं पाणी मिलिमीटरच्या दहाव्या भागापर्यंत मोजतात, पण त्या ०.१ च्या पायऱ्यांमुळे पाऊस खंडित होत नाही. तो मिश्र होतो तो कोरड्या दिवसांमुळे, कारण नेमक्या शून्यावर संभाव्यतेचा मोठा गठ्ठा असतो. अशा आकड्यांवर थेट गॅमा वितरण (शून्याहून मोठ्या किमतींसाठीचा एक अखंडित वक्र) बसवायला गेलात तर शून्यांपाशीच गाडी अडते, कारण त्या सूत्रात किमतीचा लॉगॅरिदम घ्यावा लागतो आणि शून्याला लॉगॅरिदम नसतो. आधी पाऊस पडला की नाही याची संभाव्यता वेगळी काढा, मग फक्त ओल्या दिवसांच्या आकड्यांवर गॅमा बसवा.