तुम्ही विचारलंत म्हणून : डॅनिश मूकपटांत हसण्यासारखे काय असते?

संवाद नाहीत, मधल्या पाट्या डॅनिशमध्ये आणि ती भाषा मला येत नाही. मग या जुन्या चित्रपटांना मी हसतो तरी कशाला, असे मला नेहमी विचारले जाते. माझे उत्तर असे, की त्या काळचा कॅमेरा बहुधा पात्रांपासून लांब, एका जागी उभा असे आणि चौकटीत कुठे पाहायचे हे प्रेक्षकावरच सोपवत असे, त्यामुळे विनोद आपला आपल्यालाच पकडावा लागतो.

छायाचित्रकार पीटर एल्फेल्ट यांनी 1897 मध्ये टिपलेला, डेन्मार्कमधला पहिला मानला जाणारा चित्रपट मिनिटभराचाही नाही. कोपनहेगनमध्ये, आज जिथे फेलेडपार्क आहे तिथे, एक गृहस्थ चाबूक उगारून ग्रीनलँडच्या कुत्र्यांची घसरगाडी हाकत येतात आणि कॅमेऱ्याजवळून चौकटीबाहेर जातात. क्षणभराने गाडी परत येते, पण आता गृहस्थ तिच्यामागे धावत असतात! मध्ये काय घडले ते दिसत नाही, म्हणूनच हसू येते. एल्फेल्ट यांना विनोदच करायचा होता, असा अर्थातच माझा दावा नाही.

ओले ओल्सन यांनी 1906 मध्ये स्थापन केलेल्या नॉर्डिस्क कंपनीने पुढे लघुप्रहसने भराभर काढली. त्यांतली बरीचशी, खरे सांगायचे तर, एकदा पाहून विसरण्याजोगी आहेत. दिग्दर्शक लाउ लाउरिट्सन यांचा हात मात्र तिथेच बसला आणि 1921 पासून पॅलाडियम कंपनीच्या मोठ्या चित्रपटांत त्यांनी कार्ल शेनस्ट्रम आणि हाराल्ड मॅडसन ही जोडी आणली. एक उंच, काटकुळा नट आणि दुसरा सर्कशीतून आलेला बुटका विदूषक. लॉरेल आणि हार्डी यांची जोडी जमण्याच्या काही वर्षे आधीच हे दोघे, ‘पाट आणि पाटाशोन’ या नावांनी, जर्मनीतही लाडके झाले होते. ते नुसते शेजारी शेजारी चालू लागले, तरी एकाची ढांग आणि दुसऱ्याची लगबग एकाच चौकटीत दिसते. कॅमेरा एखाद्याच्या चेहऱ्याजवळ गेला असता तर ही गंमत हरवली असती.

मूकपटांतली माणसे तुरुतुरु पळतात हा समज बहुतेक वेळा चुकीच्या वेगाचा परिणाम असतो, कारण सेकंदाला 16 ते 18 चित्रांच्या आसपास टिपलेली फीत 24 च्या वेगाने चालवली जाते आणि सावकाश उमलणाऱ्या विनोदाचा नुसता गोंधळ होतो. डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने आपल्या संग्रहातले अनेक मूकपट विनामूल्य खुले केले आहेत. ते योग्य वेगात पाहा आणि मग मला पुन्हा विचारा.