आवाज काढून घेतलेला दारुडा

दारुड्या नवऱ्याची गोष्ट मूकपटात अधिक खरी वाटते, असे पुण्यासारख्या नाटकवेड्या गावात म्हणणे जरा धाडसाचेच आहे; कारण अशा संसाराचे आपल्याकडचे माप म्हणजे ‘एकच प्याला’, आणि १९१९ साली रंगभूमीवर आलेल्या गडकऱ्यांच्या त्या नाटकात सुधाकर बोलतो, तळीराम त्याहून अधिक बोलतो आणि बालगंधर्वांची सिंधू गाते. तळीरामाच्या आर्य मदिरा मंडळाला हशा तर हमखास ठरलेला.

त्यानंतर दोनच वर्षांनी, १९२१ मध्ये, व्हिक्टर श्योस्त्रोम यांनी स्वीडनमध्ये ‘द फँटम कॅरेज’ या नावाने पुढे ओळखला गेलेला मूकपट काढला आणि त्यातल्या दारुड्या डेव्हिड होल्मची भूमिकाही स्वतःच केली. वर्षाच्या अखेरच्या क्षणी मरणाऱ्याला पुढचे वर्षभर मृत्यूची गाडी हाकावी लागते, ही सेल्मा लागरलोफ यांच्या कादंबरीतली कल्पना. एकाच फिल्मवर पुन्हा पुन्हा चित्रण करून ती गाडी आरपार दिसेल अशी उतरवली आहे, आणि चित्रपटाचे कौतुक बहुधा त्या करामतीपाशीच थांबते. माझ्या मनात राहिले ते त्यातले एक दार. क्षयाने खोकणारा डेव्हिड मुलांजवळ जाऊ नये म्हणून त्याची बायको त्याला आत कोंडते, आणि तो कुऱ्हाडीने दाराच्या फळ्या फोडू लागतो. तो काय ओरडतो आहे ते ऐकू येत नाही, म्हणूनच आपली नजर त्याला सोडून तिच्याकडे जाते. ती भोवळ येऊन पडते. हाच गृहस्थ तिला पाणी पाजतो, आणि ती शुद्धीवर आली की पुन्हा तोंड सोडतो.

नारायण पेठेतल्या आमच्या वाड्यातही असा एक संसार होता. त्या नवऱ्याच्या शिव्या, रडणे, सकाळच्या शपथा साऱ्या बिऱ्हाडांना पाठ होत्या. आम्ही पोरे त्याची नक्कल करीत असू आणि मोठी माणसे हसू दाबीत. त्याच्या बायकोचे म्हणाल तर नळावर कळशी भरताना दंडावर पदर ओढून घेणारा हात तेवढा आठवतो.

चित्रपटाच्या शेवटी डेव्हिड पश्चात्तापाने घरी धावतो, मुलांसह विष घ्यायला निघालेल्या बायकोला वाचवतो, आणि ती त्याच्या अश्रूंवर विश्वास ठेवते. इथे मात्र, त्या शपथा ऐकत वाढल्यामुळे असेल, मी गडकऱ्यांच्या बाजूचा आहे. त्यांनी सिंधूला वाचवले नाही.