बांभोरीच्या टेकडीवरचा विज्ञान दिन

फेब्रुवारीचा तिसरा आठवडा लागला, की आमच्या शाळेच्या विज्ञान मंडळाची जाड पुठ्ठ्याची वही कपाटातून बाहेर निघत असे आणि पारोळ्याच्या आगारात एसटीच्या प्रासंगिक कराराचा अर्ज द्यायला शिपाईकाका सायकल काढत असत. पारोळा तालुक्यातल्या त्या शाळेत मी २७ वर्षे विज्ञान शिकवले आणि त्यांतली बहुतेक वर्षे मंडळाचे काम माझ्याकडे होते. मंडळाचे वार्षिक संमेलन दोन दिवसांचे असे. पहिला दिवस जळगावच्या विद्यापीठातल्या फेरीचा आणि दुसरा शाळेच्या अंगणात, गावासमोर, जे पाहिले ते दाखवण्याचा. निवृत्तीनंतर शाळेतल्या पुष्कळ गोष्टी अंधूक झाल्या, पण हे दोन दिवस मात्र वर्षावर्षांच्या फरकांसह अजून माझ्या डोळ्यांसमोर लखलखीत उभे राहतात.

२८ फेब्रुवारी हा दिवस आपल्याकडे १९८७ पासून राष्ट्रीय विज्ञान दिन म्हणून पाळला जातो, कारण १९२८ साली त्याच तारखेला चंद्रशेखर वेंकट रामन यांच्या शोधाची घोषणा झाली होती. आम्ही त्या दिवशी पहाटे निघत असू. एरंडोल गेले, पाळधी मागे पडले, की गिरणेच्या पुलाअलीकडे विद्यापीठ जिच्यावर आहे ती बांभोरीची टेकडी दिसू लागे आणि गाडीतला गलका एकदम थांबे. उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ १५ ऑगस्ट १९९० रोजी स्थापन झाले. त्यापूर्वी खान्देशातली महाविद्यालये पुणे विद्यापीठाला जोडलेली होती आणि माझ्या पिढीच्या गुणपत्रिकाही पुण्याहूनच येत. पहिले कुलगुरू डॉ. एन. के. ठाकरे हे गणितज्ञ होते, ही गोष्ट मी दरवर्षी गाडीत मुलांना आवर्जून सांगत असे. पुढे २०१८ साली विद्यापीठाला कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचे नाव मिळाले. आसोद्याच्या ज्या बाईला अक्षर लिहिता येत नव्हते तिचे नाव एवढ्या मोठ्या कमानीवर वाचताना, आईवडील निरक्षर असलेली माझी काही मुले किती वेळ मान वर करून उभी राहिली होती, ते मी विसरलेले नाही.

पहिल्या वर्षी मी समजून होते, की एखादे प्राध्यापक सभागृहात तासभर बोलतील आणि मग आम्हाला दारांतून डोकावू देतील. प्रत्यक्षात पायऱ्यांवर एम.एस्सी.ची सहा मुले-मुली आमची वाट पाहत उभी होती. कोणी शिरपूरकडचा, कोणी साक्रीचा, एक मुलगी थेट अक्कलकुव्याहून आलेली. त्यांनी आमच्या ६० मुलांचे दहा-दहांचे गट केले आणि प्रत्येक गट एकेकाने आपल्यामागे घेतला. पुढे प्रत्येक वर्षी हीच रीत राहिली, आणि या फेरीचे सारे मोल त्या रीतीत होते असे मला ठामपणे वाटते. प्राध्यापकांपुढे आमची मुले हाताची घडी घालून उभी राहिली असती. या दादा-ताईंना मात्र त्यांनी पहिल्या पाच मिनिटांत विचारले, की तुम्ही कुठल्या शाळेत होता, दहावीला किती गुण होते, आणि वसतिगृहात भाकरी मिळते का. उत्तरे ऐकून झाल्यावर मग खऱ्या प्रश्नांना तोंड फुटले.

भूविज्ञानाच्या टेबलावरचा प्रसंग मला फार प्रिय आहे. धरणगावकडच्या एका ताईने काळ्या दगडाचा एक तुकडा मुलांपुढे ठेवला. त्याच्या पोकळीत फिकट हिरवे, काचेसारखे स्फटिक दाटलेले होते. तिने प्रमाण मराठीत सुरुवात केली, पण मुले गप्पच राहिलेली पाहून ती चटकन अहिराणीत आली, “हाई काय शे, सांगा बरं?” आणि मागून आवाज आला, “खडीसाखर शे!” सगळे हसले, तीही हसली, आणि तिथून पुढचा अर्धा तास मुलांनी तिला हलू दिले नाही. ती सांगत होती, की हा अपोफिलाइट, आणि जळगावच्या खाणींतला अपोफिलाइट जगभरच्या संग्रहालयांत मांडलेला असतो. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी इथे लाव्हारसाचे थरांवर थर पसरले, ते थंड होताना आत वायूचे बुडबुडे अडकले, आणि पुढे त्या पोकळ्यांत झिरपलेल्या पाण्याने हे स्फटिक घडवले. मग तिने शेजारच्या, झिओलाइट गटातल्या स्टिल्बाइट या खनिजाचा एक कण चिमट्यात धरून ज्योतीवर नेला. तो फुलला, जणू त्याला उकळी फुटली. त्याच्या रचनेतले पाणी वाफ होऊन निघून जाते, आणि झिओलाइट या ग्रीक नावाचा अर्थच मुळी उकळणारा दगड असा आहे, असे ती म्हणाली. तेवढ्यात सातवीतली एक एरवी अबोल मुलगी पुढे सरकून म्हणाली, “ताई, आमनी इहीरमा बी असाच दगड निंघनात. बांधवर फेकी दिनात.” ताईने तिला दगड पाठवून द्यायला सांगितले नाही, तिने विचारले, किती हात खोल गेल्यावर निघाले. मुलीला ते नेमके ठाऊक होते. ताईने तो आकडा आपल्या वहीत लिहून घेतला. आपल्या विहिरीची खोली विद्यापीठाच्या वहीत लिहिली गेली, हे त्या मुलीने परतीच्या वाटेवर मला तीन वेळा सांगितले.

जीवशास्त्राच्या इमारतीत आमची मुले आधीच निम्मी तज्ज्ञ असत, कारण तिथे ऊतिसंवर्धनाची प्रयोगशाळा होती आणि बाटल्यांत केळीची रोपे होती. जळगाव जिल्ह्याच्या मुलाला केळी शिकवायला जाणे धाडसाचेच. चपला बाहेर काढून, काचेपलीकडून, मुले आतले पाहत असत. कोंबाच्या टोकाचा बारीकसा तुकडा निर्जंतुक हवेच्या झोतात कापायचा, आगरच्या पारदर्शक थरावर ठेवायचा, त्याला फुटवे आले की ते वेगळे करून पुन्हा नव्या बाटलीत ठेवायचे, मुळे धरली की शेडनेटखाली हळूहळू बाहेरच्या हवेची सवय लावायची. एका वर्षी आठवीतल्या मुलाने विचारले, की आमच्याकडे कंद लावले तरी केळी येतेच, मग एवढा खटाटोप कशाला. मार्गदर्शक दादाचे स्वतःच्या घरचे केळीचे शेत रावेर तालुक्यात होते. त्याने उत्तर पाठांतरातून दिले नाही. कंदाबरोबर जुन्या शेतातले रोग आणि सूत्रकृमी नव्या शेतात येतात, बाटलीतली रोपे स्वच्छ असतात, एकसारखी वाढतात आणि त्यांचे घड जवळजवळ एकाच वेळी कापणीला येतात, हे फायदे त्याने सांगितले. त्यानंतर त्याने खिशातले केळे सोलून आडवे कापले आणि मधले काळे ठिपके दाखवले. ही न वाढलेली बीजे. आपण खातो त्या केळीत गुणसूत्रांचे दोनऐवजी तीन संच असतात, ३३ गुणसूत्रे, त्यामुळे तिला बी धरत नाही. कंद लावा किंवा बाटलीतून वाढवा, प्रत्येक झाड आधीच्या झाडाची हुबेहूब नक्कलच. “म्हणून करपा आला, की एकाला सोडून दुसऱ्याला धरत नाही,” तो म्हणाला. हे बोलताना त्याचा आवाज किंचित उतरला होता, आणि ते का, हे आमच्या मुलांना निराळे सांगावे लागले नाही.

रसायनशास्त्रात सॉक्सलेटचे उपकरण दाखवत. शेंगदाण्याच्या कुटातून तोच तो द्रव पुन्हा पुन्हा चढतो, गळतो आणि खाली तेल साठत जाते, हे मुले टक लावून पाहत. भौतिकशास्त्रात हिरव्या लेझरचा किरण पाण्यातून जाताना दिसत असे. त्या विभागातल्या एका ताईचा प्रामाणिकपणा मला आवडला होता. तुम्हाला दिसतोय तो रामन परिणाम नव्हे, हे साधे प्रकीर्णन, म्हणजे प्रकाशाचे विखुरणे आहे, असे तिने स्पष्ट सांगितले. रामन आणि कृष्णन यांनी कोलकात्यात जे टिपले, ते कोटीभर प्रकाशकणांतून एखाद्याच्या रंगात पडणारा फरक होता, आणि तो पाहायला वेगळे यंत्र लागते. दिसणाऱ्या गोष्टीला मोठे नाव चिकटवून मुलांना खूश करणे तिला सहज शक्य होते.

एका वर्षी मात्र सर्वांत जास्त वेळ आम्ही इमारतींच्या बाहेर, भर उन्हात काढला. गणिताच्या एका विद्यार्थ्याने मोकळ्या जागेत बरोबर एक मीटर लांबीची काठी रोवली होती, ती उभी आहे की नाही हे दोऱ्याला दगड बांधून मुलांकडूनच तपासून घेतले होते, आणि साडेबारापासून दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाशी खूण करायला लावली होती. मुलांना वाटत होते, की बारा वाजून गेले म्हणजे सावली आता वाढणार. ती कमीच होत राहिली. सर्वांत लहान सावली मिळाली १२ वाजून ४० मिनिटांनी, आणि तिची लांबी भरली ५५ सेंटिमीटर. घड्याळ चुकले का, असे मुलांनी विचारले. त्याने मातीत रेघ ओढून सांगितले, की आपले घड्याळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाचे, आपण उभे आहोत सुमारे ७५.५ अंशांवर, सात अंश, अंशाला चार मिनिटे, म्हणजे २८ मिनिटे सूर्य आपल्याकडे उशिरा डोक्यावर येतो. उरलेली बारा मिनिटे पृथ्वीच्या लंबवर्तुळाकार कक्षेची आणि कललेल्या आसाची. मग काठी आणि सावली यांचा त्रिकोण वहीवर लहान प्रमाणात काढून कोनमापकाने कोन मोजायला लावला. २९ अंश आला. आज सूर्य विषुववृत्ताच्या दक्षिणेला आठ अंश आहे, तर आपण कुठे? एकवीस, असे कोणीतरी ओरडले, आणि भूगोलाचा नकाशासंग्रह आणलेल्या मुलीने जळगाववर बोट ठेवून २१ अंश अक्षांश सगळ्यांना दाखवला. एका काठीने आपले गाव पृथ्वीवर कुठे आहे ते काढता येते, हे मी पुस्तकातून किती तरी वर्षे शिकवत होते. ते घडताना मीही त्या दिवशी प्रथमच पाहिले.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी शाळेच्या अंगणात संमेलन भरे. विद्यापीठात जे दादा-ताईंनी केले तेच आमची मुले गावासाठी करत: दहा-दहा माणसांचे गट, प्रत्येकापुढे एक मार्गदर्शक, आणि वर्गावर्गांतून फेरी. मोठ्या माणसांना नववीच्या पोराच्या मागे शिस्तीत चालताना पाहणे हा माझा वर्षातला मोठा आनंद होता. विहिरीवाल्या मुलीने बांधावरचे दगड गोळा करून आणले होते आणि ती स्वतःच्या आजोबांना लाव्हारसापासून सारे समजावत होती. केळीच्या टेबलावर एकदा गावातल्या बागायतदारांनी उलट प्रश्न सुरू केले, तेव्हा मार्गदर्शक मुलाने न घाबरता सांगितले, की हे मला माहीत नाही, विचारून लिहून ठेवतो. हे वाक्यही तो बांभोरीहूनच शिकून आला होता. शेवटी मुख्याध्यापकांचे दोन शब्द, मग सगळ्यांना शेवभाजी आणि कळण्याची भाकरी. त्या जेवणाची वर्गणी गावाने कधी मागू दिली नाही.

काठीच्या वर्षाचे संमेलन मात्र तेवढ्यावर संपले नाही. निघताना त्या गणिताच्या विद्यार्थ्याने एका मुलाच्या वहीत लिहून दिले होते, की २५ मेच्या सुमारास सूर्य आपल्या अक्षांशावर येईल, त्या दिवशी १२ वाजून २५ मिनिटांनी काठीची सावली शोधा. मुलांनी अंगणाच्या मधोमध लोखंडी पाइप ओळंब्यात पक्का बसवला आणि मार्च-एप्रिलभर दुपारच्या सुट्टीत त्याच्या सावलीच्या खुणा केल्या. मग परीक्षा झाल्या, उन्हाळ्याची सुट्टी लागली, आणि मला वाटले, विषय मिटला. त्या दिवशी मी दफ्तराच्या कामासाठी शाळेत गेले होते. ऊन असे, की अंगणातून चालवत नव्हते. बाराच्या सुमाराला फाटक वाजले आणि डोक्याला ओले रुमाल बांधलेली सात मुले आत आली. पाठोपाठ दोघांचे वडील, एक आजोबा आणि शिपाईकाका. मुलांनी सगळ्यांना पाइपाभोवती गोल उभे केले आणि कोणाची सावली आत पडणार नाही याची काळजी घेतली. वहीवाला मुलगा घड्याळ पाहत मिनिटे मोजू लागला. पंचवीसला आजोबा खाली वाकले, पाइपाच्या बुडाभोवती त्यांनी सगळीकडून पाहिले, आणि मग आपल्या स्वतःच्या पायांकडे पाहिले.