वालाला मोड येईपर्यंत ठाणे

जुलैच्या शेवटच्या शुक्रवारी पहाटे ठाण्याला उतरलो. पिशवीत दोन शर्ट, छत्री आणि आईने तीन पिशव्यांत गुंडाळून दिलेला काळा मसाला. तरी कसारा यायच्या आत अख्ख्या डब्याला कळलं होतं की हा माणूस खानदेशातला.

दादा ठाणे पूर्वेला, कोपरीत राहतो. वहिनी पेणच्या. लग्नाला सहा वर्षं झाली, तरी ओट्यावर मसाल्याचे दोन डबे वेगळेच आहेत. दादाला रश्श्यावर तेलाचा तवंग दिसल्याशिवाय जेवल्यासारखं वाटत नाही आणि वहिनींना आमसुलाशिवाय. पगार व्हायचा होता. म्हणून मी चहा पितापिता जाहीर केलं, रविवारची भाजी माझ्याकडे, शंभर रुपयांत, आणि दोघांनाही चालेल अशी.

"भाऊजी, शंभरात पनीरचा नुसता वास येईल," वहिनी म्हणाल्या. "कडवे वाल आणा. पण आजच भिजवायला हवेत."

म्हणजे ठाणे बघायला मला वालाला मोड येईपर्यंतचा वेळ होता.

पूल ओलांडून पश्चिमेला आलो. १८५३ साली देशातली पहिली प्रवासी गाडी याच ठाण्यापर्यंत आली होती, असला विचार करायला त्या गर्दीत उभं राहू देतील तर ना! जांभळी नाक्याच्या बाजारात पावसाळा जमिनीवर मांडलेला होता: टाकळ्याच्या जुड्या, कंटोली, भारंगी. एका मावशींकडे डाळिंब्यांचे, म्हणजे मोड आणून सोललेल्या वालाचे, वाटे होते, चाळीस रुपयांना एक. एका माणसाचं जेमतेम होईल एवढा. सोलायची मजुरी धरली तर महाग नाही, पण माझ्या शंभरात बसत नव्हता. पुढच्या वाण्याकडे पाव किलो कोरडे वाल पंचावन्नला मिळाले. भिजून, मोड येऊन, सोलून त्यांचे दुपटीच्या वर होतात. आमच्या घरी वाल म्हणजे शेंगांची भाजी, या कडू दाण्याशी माझी ओळख नव्हती. रायगडात भात कापल्यावर जमिनीत जी ओल उरते तिच्यावर हे पीक येतं, हे वहिनींकडून कळलं. त्यांच्याकडे पावसाळ्यात मासळी कमी झाली की घराघरात बिरडं, म्हणजे याच सोललेल्या वालाची रस्साभाजी, शिजतं.

दुपारी तलावपाळीला एक चक्कर, कोपिनेश्वराला नमस्कार. संध्याकाळी वाल निथळून फडक्यात बांधले.

शनिवारी वहिनींना तांदूळ आणि आमसुलं घ्यायची होती, म्हणून नऊ नंबर फलाटावरून वाशीची गाडी धरली. ऐरोली, रबाळे, घणसोली करत तुर्भे. तिथल्या घाऊक धान्यबाजाराला लोक अजून दाणाबंदर म्हणतात. जुनं दाणाबंदर मुंबईत मस्जिद बंदराजवळ. बाजार इकडे आला तसं नावही आलं, गोदी तेवढी मागे राहिली. मसाला बाजारात शिरल्याबरोबर मला सलग पाच शिंका आल्या. एका दुकानात सुकं खोबरं मागितलं. "किती?" म्हणाला. "दोन वाट्या." त्याने माझ्याकडे असं पाहिलं की मी खोबऱ्याचे चार तुकडे उधार मागतोय. वहिनींनी तांदळाचं नाव काढल्यावर वजनकाटा हलला.

परतताना गाडीत आमचा वाद झाला तो खोबऱ्यावरून. बिरड्यात ओलंच खोबरं, असं त्यांचं म्हणणं. मी म्हटलं, नारळ फोडला तर अर्धा शंभर तिथेच गेला. आमचं भाजलेलं सुकं खोबरं अर्धी वाटी पुरतं.

रविवारी फडकं सोडलं तर पांढरे मोड चांगले बोटाच्या पेराएवढे. वाल कोमट पाण्यात टाकले. साल सैल झाली की दाणा चिमटीत धरून दाबायचा, डाळिंबी सुळकन बाहेर. निदान वहिनींच्या हातून तरी. माझी पहिली डाळिंबी फ्रीजखाली गेली. पाऊण तास सोलणं चाललं आणि त्यात दादाच्या लहानपणीच्या सगळ्या चहाड्या सांगून झाल्या.

मग माझं काम. दोन कांदे सालासकट गॅसच्या आचेवर भाजले. गावाकडे हे निखाऱ्यावर होतं, इथे धूर थेट जिन्यात. शेजारच्या काकू विचारून गेल्या, "भरीत का?" सुकं खोबरं खरपूस भाजलं, आठ पाकळ्या लसूण, कोथिंबिरीच्या काड्या, सगळं बारीक वाटलं. तेलात हिंग-जिरं, मग वाटण, कडेने तेल सुटेपर्यंत परतलं. दोन चमचे काळा मसाला. त्यावर डाळिंब्या, गरम पाणी, मीठ, मंद आच. मी आमसुलं टाकायला गेलो तर वहिनींनी हात धरला. आंबट आधी पडलं की दाणा दडस राहतो, मग कितीही शिजवा. डाळिंबी बोटाने दबल्यावरच चार आमसुलं आणि सुपारीएवढा गूळ. आणि डाव फिरवायचा नाही, नुसतं पातेलं हलवायचं, नाहीतर पिठलं होतं.

हिशोब: वाल पंचावन्न, खोबरं पंधरा, कांदे-लसूण-कोथिंबीर वीस. बाकी घरातलं. मसाला आईचा, म्हणजे फुकट नव्हे, पण त्याचा दर कुणाला विचारणार?

रस्सा काळपट, वर तवंग, खाली गोडसर आंबट. वालाचा कडवटपणा मसाल्याच्या तिखटात हरवत नाही, मागे जिभेवर राहतो, आणि मला तोच आवडला. दादाने भाकरी कुस्करली, दुसऱ्यांदा वाढून घेतलं आणि बोलला काहीच नाही. वहिनींनी मात्र उठून फ्रीजरमधून एक डबी काढली आणि स्वतःच्या वाटीवर चिमूटभर ओलं खोबरं भुरभुरलं. माझ्याकडे न बघता.

सोमवारी चाळीसगावला पोचलो. पिशवीत अर्धा किलो वाल, वर आमसुलांची पुडी. आईने पुडी हुंगली, वाल तळहातावर घेऊन उजेडात धरले.

"हाई काय शे?"

"रात्री भिजवतो," म्हटलं. "परवा सांगतो."